ड्रॉइंग मास्तरांचा बैल

भोर संस्थानात हट्टी माणसं पुष्कळ झाली, पण कागदावरचा बैल चालवून दाखवीनच असा हट्ट धरलेला माणूस एकच, आमच्या शाळेचे ड्रॉइंग मास्तर. तंबूतल्या सिनेमात त्यांनी परदेशातला एक चितारलेला कोंबडा नाचताना पाहिला आणि गृहस्थ कामातूनच गेले. "तिकडं कोंबडा नाचतो, मग आपल्या बैलानं चालू नये होय?" वहीच्या पानाएवढ्या कागदांवर एकेका पावलाची वीस-वीस चित्रं काढायची, गठ्ठा अंगठ्याखालून फर्रकन सोडायचा, की बैल चालला! पुण्याचा एक फोटोवाला त्याची फिल्म करून देणार होता.

मास्तरांबरोबर बाजारात जायची सोय नव्हती. दिसेल त्याला म्हणायचे, "जरा मागं जाऊन पुन्हा चालत या हो." माझ्या सासऱ्यांना तीनदा चालायला लावलं! लग्नाच्या पंगतीत नजर वाढप्यांच्या पायांवर, पानातली जिलबी तशीच.

वर्षभर खपून बैल तयार झाला. भोंगवलीच्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याला त्यांनी तो कौतुकानं दाखवला. म्हातारा म्हणाला, "बैल लई झ्याक हाय मास्तर, पर असा चालत न्हाई. आदी मागला पाय, मंग त्याच अंगाचा पुढला." दुसरा कुणी त्याच्यावर खेकसला असता. मास्तरांनी त्याला वाकून नमस्कार केला आणि पहिल्यापासून काढायला बसले. आणखी दोन वर्षं!

मग लढाई आली. कागद मिळेना, परीक्षा तोंडावर, मास्तर तापानं घरी. परीक्षेचं सगळं माझ्या गळ्यात. शाळेच्या कपाटात मला गठ्ठे सापडले. पाठ कोरी, पुढं बैल. तोच बैल, पुन्हा तोच! मी पडलो गणिताचा माणूस. म्हटलं, बैल चालवायचा झाला तरी एकच चित्र इतक्यांदा कशाला? नमुन्याला दहा-बारा ठेवले, बाकीचे पोरांना उत्तरं लिहायला वाटले. वर स्वतःवरच खूश! देवा, काय ती अक्कल!

मास्तर बरे होऊन आले. उरलेले कागद त्यांनी अंगठ्याखालून सोडले. बैल टुणकन उडी मारून पार पलीकडं. "पोचला की हो लवकर," म्हणाले आणि हसले. चार शिव्या दिल्या असत्या तर मी सुटलो असतो. पुढं त्यांनी बैल काढला नाही, बाजारात कुणाला परत चालायलाही लावलं नाही.

पेपर तपासून पोरांना कधीच देऊन झाले होते. घरोघर हिंडून मी सापडतील तेवढे गोळा केले, पाय ताडून ताडून क्रमानं लावले. सगळे मिळाले की नेऊन देऊ, म्हणता म्हणता मास्तरच गेले. गठ्ठा माझ्यापाशीच राहिला. अजून कधीतरी अंगठा फिरवतो. बैल मागचा पाय उचलतो, अगदी म्हाताऱ्यानं सांगितला तसा. तो टेकायचे कागद काही मला मिळाले नाहीत.