शेवंतीला मुदतवाढ

त्या दुष्काळात आमच्या गल्लीत टँकर दिवसाआड यायचा. घरटी आठ घागरी. आमची माणसं पाच. अंघोळीचं आणि तांदूळ-भाजी धुतलेलं मिळून रोज तीन तांबे सांडपाणी हाती उरे. परसात तेलाचे नऊ पत्र्याचे डबे होते, प्रत्येकात पिवळ्या शेवंतीचं एक रोप. रोपाला रोज एक तांबा लागे. तूट सहा तांब्यांची.

रोपं बायकोनं तेरहून, माहेराहून आणली होती. तिची आई कार्तिकात गेली. उन्हाळ्यात माहेरची विहीर आटली आणि आईनं लावलेला शेवंतीचा वाफा जळून गेला. बायकोनं त्याआधी मुळाशी फुटलेली नऊ पिलं काढून आणली, तेवढीच वाचली. वर्षश्राद्धाला आईच्याच शेवंतीचा हार तिच्या फोटोला घालायचा, एवढं एकच तिनं धरून ठेवलं होतं.

मी तेव्हा गावच्या पीककर्जाच्या सोसायटीत गटसचिव होतो. दूध सहकारी, ऊस सहकारी, कर्ज सहकारी. मला दुसरा उपाय सुचणं शक्यच नव्हतं. शेजारच्या आजी, समोरचे मास्तर आणि मागचे ट्रकड्रायव्हर यांना बोलावलं. प्रत्येक घरानं रोज दोन तांबे सांडपाणी द्यावं. श्राद्धापुरती फुलं काढून उरलेली चौघांत सारखी वाटावीत. आजी अध्यक्ष, मी सचिव. ठरावांची वही घातली.

पहिला ठराव बायकोचा, साबणाचं पाणी चालणार नाही. ड्रायव्हर उभे राहिले. "वहिनी, दिवसभर डिझेलात असतो मी. बिनसाबणाची अंघोळ म्हंजी नुसतं डिझेल पातळ करणं हाय."

"मग तुमचं नगं," आजी म्हणाल्या. "तुमच्या मंडळीचं द्या. ती डाळीच्या पिठानं न्हाती."

ठराव मंजूर झाला. रोपं तगली.

ज्येष्ठात शेंडे खुडायची वेळ आली. शेंडा खुडला की बाजूनं फांद्या फुटतात आणि जेवढ्या फांद्या तेवढी फुलं. हे कळल्यावर प्रत्येक घराला स्वतःच्या हातानं खुडायचं होतं. मी पाळ्या लावल्या: दर रविवारी एक घर, नागपंचमीपर्यंत दोन फेऱ्या. पण शेवटचा रविवार नेमका पंचमीचाच निघाला. त्या दिवशी आमच्याकडं काही चिरत नाहीत, खुडत नाहीत. पाळी होती ड्रायव्हरांची.

"आमचं पाणी चालतं अन् आमचा हात न्हाय चालत व्हय?" ते म्हणाले.

हिशेबानं त्यांचं बरोबर होतं. मी त्यांना पुढचा रविवार दिला. बायको म्हणाली, "अवो, पंचमीनंतर शेंड्याला हात लावायचा न्हाय. आई लई कडक होती ह्याबाबत."

"एकदाच," मी म्हणालो.

ड्रायव्हरांनी त्रेचाळीस शेंडे खुडले. मास्तर मोजत उभे होते. त्यांचे स्वतःचे दोन्ही पाळ्या मिळून अठरा झाले होते, कारण तेव्हा रोपं बारकी होती. त्यांनी लेखी हरकत घेतली. मी पाळ्या रद्द करून शेंड्यांची संख्या समान करायचं ठरवलं. मास्तर त्रेचाळिसावर थांबेनात, आजींना नीट दिसत नसल्यामुळं त्यांनी शेजारच्या तुळशीचे बारा खुडले, ते धरायचे की नाही यावर दोन सभा गेल्या. दसऱ्यानंतर एका रविवारी चारही घरांचा आकडा शहाण्णववर जुळला. इतका स्वच्छ ताळा मला सोसायटीतही कधी लागला नव्हता. मी वहीवर सही केली आणि डब्यांकडं पाहिलं. नऊ हिरवेगार गड्डे, कोबीसारखे. कळी एकही नाही.

 कार्तिकात वर्षश्राद्धासाठी बायको त्यातला एक डबा मांडीवर घेऊन तेरच्या एसटीत बसली. मी शेजारी. कंडक्टरनं विचारलं, "फुलं कुठं हायती ह्याची?"

"ह्यांना विचारा," ती म्हणाली.

फोटोसमोर तिनं तो हिरवा डबा ठेवला. येताना परत आणला, कारण वाटणीत तो चौघांचा होता.

त्यानंतर डब्यांकडं कुणी फिरकलं नाही. पाणी मात्र येत राहिलं, ठराव रद्द करायची सभाच झाली नव्हती. हात न लागल्यावर शेवंतीनं आपलं काम केलं. पौषात नऊ डबे पिवळे झाले. मी मोजली: तीनशे चौदा फुलं. बायको दारातून बघायची आणि आत जायची. तिथी टळून दोन महिने झाले होते.

आजींनीच सभा बोलावली. अध्यक्षस्थानावरून त्या मला म्हणाल्या, "दुष्काळात तुमच्या सोसायटीनं गावाला काय दिलं?"

"कर्जफेडीला मुदतवाढ," मी म्हणालो.

"सगळ्या गावाला?"

"सगळ्या."

"मग हिच्या आईनंच काय घोडं मारलंय? लिवा."

मास्तर म्हणाले की तिथीला मुदतवाढ देण्याचा अधिकार आपल्याला नाही. ड्रायव्हर म्हणाले, "शेंडे खुडायचा तरी कुठं होता, मास्तर?"

मी लिहिलं: दुष्काळी परिस्थिती आणि सचिवाची चूक लक्षात घेऊन मुदत पौषअखेर वाढवण्यात येत आहे. वाटणी होणार नाही; सर्व फुलं तेरला जातील. चूक हा शब्द मी आपणहून घातला. आजींनी हात वर करायला सांगितले. चारही घरांची माणसं होती, बायको सोडून सगळ्यांनी हात वर केले. ती तोवर परसात गेली होती, परडी घेऊन.