मामंजींचा जर्मन जनरल

आमच्या घरात देव्हाऱ्यातल्या खंडोबाच्या खालोखाल मान कुणाला असेल, तर तो एका जर्मन जनरलाला. लग्न होऊन मी लोणावळ्याहून औंढ्याला आले, तेव्हा मला आधी तो जनरल कळला आणि मग सासरचा गोतावळा. मामंजी, म्हणजे माझे सासरे, पहिल्या महायुद्धात याच जनरलाविरुद्ध आफ्रिकेत लढायला गेले होते. दुश्मनाचं एवढं कौतुक करणारा शिपाई मी तरी दुसरा पाहिला नाही. गावात त्यांना जर्मनआबा म्हणत, आणि त्यांना ते मनापासून आवडे.

अंगणात चिंचोके मांडून ते जनरलाची कारकीर्द सांगायला बसत. मूठभर चिंचोके जनरलाचे, सूपभर इंग्रजांचे. "ह्ये एवढं लष्कर त्याच्या मागं, आन् त्यो कुटं? हितं म्हनावं तर तितं." बुडालेल्या जहाजावरच्या तोफा काढून त्यानं रानातून ओढत नेल्या, हिवतापावर झाडाच्या सालीचा काढा करून साऱ्या फौजेला पाजला आणि लढाई संपेस्तोवर कुणाच्या हाती म्हणून लागला नाही. तिकडं त्याच्या देशानंच हात टेकले, तेव्हा कुठं त्यानं हत्यार खाली ठेवलं. माझा भाऊ लोणावळ्याला रेल्वेत होता, त्याला पेपर वाचायचा भारी नाद. त्यानं एकदा सांगितलं की त्या वेळी तो नुसता कर्नल होता, जनरल मागाहून झाला. मामंजी म्हणाले, "त्याच्या सरकारला उशिरा कळलं, त्याला मी काय करू?" सासूबाई चिंचोके गोळा करत म्हणायच्या, "उठा आता. जर्नेल पळाला, त्याच्यामागनं गुरंबी पळतील."

एवढ्या भक्तीचं कारण होतं. पहिल्याच लढाईत मामंजींच्या मांडीत गोळी घुसली आणि ते पकडले गेले. जखमींच्या रांगेतून तो जर्मन आला आणि दुभाष्यामार्फत म्हणाला, या लढाईत पुन्हा आमच्यावर हत्यार उचलणार नाही असा शब्द द्या, सोडून देतो. बाकीच्यांनी माना डोलावल्या. मामंजींनी मात्र गळ्यातली जेजुरीच्या भंडाऱ्याची पुडी सोडली, भंडारा कपाळाला लावला आणि मग शब्द दिला. घोटाळा झाला तो इथंच. मागणाऱ्यानं शब्द मागितला होता त्या लढाईपुरता. पण भंडारा उचलून दिलेल्या शब्दाला मुदत कसली? "त्यानं मागितला तेवढा मागितला. देनारा मी हाय ना, सूनबाई?" सुटून आल्यावर उरलेलं युद्ध त्यांनी इंग्रजांच्या तळावर खेचरांना दाणावैरण घालण्यात काढलं.

पुढं जर्मनीत नवं राज्य आलं. त्या लोकांनी निवृत्त जनरलाला मानाची जागा देऊ केली आणि त्यानं ती घेतली नाही, असं भावानं सांगितलं. मामंजींनी गावभर गूळ वाटला. खाणाऱ्यांतल्या कुणाला तो कशाबद्दल आहे याचा पत्ता नव्हता, पण गुळाला कोण नाही म्हणतो?

मग दुसरं महायुद्ध आलं. कार्ल्याला भरतीचे सुभेदार आले आणि त्यांनी जुन्या शिपायांना गोळा केलं. मामंजींना म्हणाले, "आबा, पोरांना बंदूक शिकवा."

"कुनावर चालवाया?"

"जर्मनांवर."

"मंग न्हाई जमायचं."

सुभेदारांनी समजावलं, की ती लढाई जुनी झाली, तुमचा जनरलही आता घरी बसलाय. मामंजी म्हणाले, "त्यो बसला आसंल. शब्द बसत न्हाई."

पण बंड घरातूनच झालं. आमच्या ह्यांना पलटणीत जायचं होतं. मामंजींचं म्हणणं, बापाचा शब्द लेकालाही बांधतो. हे हुशार. म्हणाले, "आबा, जपान्याला कुनी शब्द दिलाय का? मी तिकडं जातो." मामंजी दिवसभर नांगर धरून विचार करत राहिले. घरी आल्यावर म्हणाले, "जपान्याचं आन् आपलं काय बोलनं झाल्यालं न्हाई. जा." वर स्वतः जाऊन सुभेदारांना बजावून आले, की पोराला जर्मनांवर धाडू नका. तान्ह्या पोराला चंद्र कबूल करावा तसं सुभेदारांनी ते कबूल केलं.

पलटण गेली इटलीत. समोर जर्मनच.

खबर आली त्या दिवसापासून मामंजींनी भात सोडला. मावळातल्या माणसानं भात सोडायचा म्हणजे मासळीनं पाणी सोडण्यातली गत. सासूबाईंनी हातपाय आपटले, पण ते नाचणीची भाकरी मोडत राहिले. एक दिवस माझाच तोल गेला. म्हटलं, "मामंजी, तुम्हाला त्या जनरलाची पडलीय. माझ्या कुंकवाची नाही." ते रागावले नाहीत. म्हणाले, "भंडाऱ्याचा शब्द मोडला तर फळ त्या पोराला भोगाया लागंल, सूनबाई. म्हनून तर भात सोडलाय. देवानं काय घ्यायचं ते माझ्याकडनं घ्यावं." मी त्याच दिवशी भात सोडला.

लढाई संपली आणि हे धडधाकट परत आले. मामंजींनी उंबऱ्यावरच अडवलं. "जर्मनावर हत्यार उचाललंस?"

"न्हाई आबा. तुमच्यावानीच खेचरं सांभाळत हुतो."

त्या दुपारी मामंजी आणि मी आंबेमोहोरावर असे तुटून पडलो की सासूबाईंनी दुसरं पातेलं चढवलं. हे मात्र दोन घास खाऊन उठले. प्रवासाचा शीण असेल, असं मला वाटलं.

पुढच्या पितृपंधरवड्यात भाऊ आला तो एक बातमी घेऊन. या लढाईत जनरलाची दोन्ही पोरं गेली. सर्वपित्री अमावस्येला आमच्या पितरांची पानं मांडली, तशी मामंजी मला म्हणाले, "आनखी दोन मांड." मग ह्यांना हाक मारली. "जर्नेलाच्या पोरांची हायती. तू वाढ."

हे भाताचं पातेलं घेऊन वाकले आणि तसेच थांबले. खाली बघत म्हणाले, "आबा, मी खेचरं सांभाळत नव्हतो."

"मला ठावं हाय," मामंजी म्हणाले. "आलास त्या दिशी दोन घास खाऊन उठलास, तवाच कळलं. वाढ. आन् हात आखडू नगंस. तरनी पोरं हुती."