आकडीतला कोयता

बायको गेल्यावर मुलाने मला मंडणगडकडच्या आमच्या वाडीतून रत्नागिरीत आणलं. चौथीच्या पुढे मी शिकलो नाही, पण शहरात कोण कसा वागतो ते बघायला शाळा लागत नाही. सकाळी नाक्यावर उभा राहायचो. पोलीस दिसला की मासेवाल्या बाया पाट्या उचलून गल्लीत शिरत, तो गेला की पुन्हा तिथेच बसत. रोजचंच.

आमच्याकडे पुरुष घराबाहेर पडला की कंबरेला मागे लाकडी आकडी आणि आकडीत कोयता. काटेरी फांदी आडवी येते, जनावर येतं. रत्नागिरीतही मी तसाच निघायचो. वरून सदरा, त्यामुळे कोणाला दिसत नसावं. एकदा चपलेचा अंगठा नीट करायला वाकलो आणि खांद्यावर हात पडला.

"ओ आजोबा, हे काय?" पोलीस.

"कोयता."

"ते दिसतंय मला. कोणाला तोडायला निघालात?"

लोक हसले. एकाने मोबाईल काढलान. मी समोरच्या शहाळेवाल्याकडे बोट केलं. "त्याच्या गाडीवर याहून मोठा आहे. त्याला विचारा की!"

"तो धंदा करतो. तुम्ही काय करता?"

मी सदरा खाली ओढून कोयता झाकला.

चौकीत नेऊन बाकावर बसवलं. साहेब म्हणाले, हत्यार घेऊन फिरता, केस होईल. होऊ दे, म्हटलं. तेवढ्यात मुलगा ऑफिसातून धावत आला, घामाने भिजलेला. साहेबांच्या टेबलावर वाकून हळू बोलला, पण माझे कान शाबूत आहेत.

"साहेब, आई गेल्यापासून बाबांचं डोकं ठिकाणावर नाही हो. सोडा त्यांना."

मी ताडकन उठलो. "कोणाचं डोकं?"

"बाबा, बसा खाली."

त्याचे ओठ थरथरत होते. लहानपणी ताप चढला की असे थरथरायचे. मी बसलो.

"घरच्यांनी लक्ष ठेवा," साहेब म्हणाले. मला सोडलं, कोयता ठेवून घेतला.

आता मी नाक्यावर दिसलो की तोच पोलीस जवळ येतो. बहिऱ्याशी बोलावं तसा ओरडतो, "आजोबा, जेवलात काय? घर सापडेल ना?" मी शहाण्यासारखं काही बोललो तर मुलगा खोटा पडेल, म्हणून गप्प राहतो. पोलीस गाड्या थांबवतो, माझा हात धरून रस्ता पार करून देतो. मला पलीकडे जायचं नसतं. तरी जातो.