रिकाम्या चौकटीतलं नाव

मी भिवंडीतल्या शाळेत मराठी आणि संस्कृत शिकवायचे. ऐंशीच्या दशकात तिथल्या एका छापखान्याने बाळांच्या नावांची पुस्तिका काढायला घेतली, चौकटीत नाव आणि पुढे अर्थ. मुसलमानी नावांचे अर्थ मालकांचे म्हातारे मामा तपासायचे, हिंदू नावांचे मी.

मालकांनी नावं कुठून कुठून उतरवून आणली होती. ज्याच्यापुढे बघावं त्याच्यापुढे 'सुंदर' नाहीतर 'तेजस्वी'. मी कोश मांडीवर घेऊन बसायचे आणि त्यात न सापडलेलं नाव लाल शाईने उडवायचे. मालक वैतागायचे. जन्मभर चिकटणारी गोष्ट खोटी असून कसं चालेल, असं मी त्यांना सुनवायचे. त्या लाल शाईचा मला तोराच होता.

शेवटच्या पानावर मी इतकी नावं उडवली, की एक चौकट रिकामी राहिली. शेजारच्या कापडाच्या लूमच्या खडखडाटात मालक ओरडले, "बाई, पान भरून द्या, मशीन थांबलंय. कुछ भी डालो!" कानाला गोड लागेल असं एक नाव मी जागच्या जागी रचलं आणि पुढे लिहिलं, 'दीर्घायुषी, संस्कृत'. कोश उघडलासुद्धा नाही.

वर्षभराने जवळच्या काल्हेर गावची एक बाई दोन महिन्यांची मुलगी घेऊन घरी आली. नवरा लूमवर कामाला. पुस्तिका त्यानेच आणून दिली होती. आमच्या बाई चुकीचा अर्थ छापू देत नाहीत, असं सांगून मालकांनी तिला माझ्याकडे पाठवलं होतं. तिने नेमकं तेच शेवटचं पान उघडून मी रचलेल्या नावावर बोट ठेवलं.

"बाई, ह्या लिवलेला खरा हाय ना? माजी दोन पोरां गेली. सासू म्हनते दगडाधोंड्याचा नाव ठेव, मंजे मरान तिच्याकडं बघाचा न्हाय. माजा मन होत न्हाय. तुमी सांगा, मंग मी सासूला सांगतंय."

मुलं जगत नसली की हलकं नाव ठेवायची रीत त्या गावांत होती. सासू-सुनेच्या या वादात पोरीचं बारसंच राहून गेलं होतं. तो अर्थ मी मनाने घातलाय, एवढंच मला सांगायचं होतं. पोर तिच्या खांद्यावर झोपली होती. त्या पोरीकडे बघितलं आणि माझा धीर सुटला.

"खरं आहे," मी म्हणाले.

बारशाला तिने मला आग्रहाने नेलं. मुलीला आत्या नव्हती, म्हणून कानात नाव सांगायला मलाच पुढे केलं. मी पाळण्यात वाकले आणि ते नाव तिच्या कानात सांगितलं. रीतीप्रमाणे बायकांनी हसत हसत माझ्या पाठीत धपाटे घातले. सासूचा धपाटा जरा जोरात बसला. मला तोही कमीच वाटला.

नव्वदच्या दशकात ती मुलगी माझ्याच वर्गात आली. हजेरी घेताना इतर मुलांची नावं मी मान खाली घालून भराभर वाचायचे. तिचं नाव घेतलं की मात्र मान वर करायचे, आणि ती "हजर" म्हणेपर्यंत पुढचं नाव माझ्या तोंडून निघायचं नाही.