लिहून दिलेलं वाक्य

करीमचाचा गेल्याचा निरोप नंदुरबारहून आला, तेव्हा मी म्हसावदच्या शाळेत मुलांना शुद्धलेखन घालत होतो. मला रडू आलं नाही, लाज वाटली. तीन आठवडे झाले, ती अजून उतरलेली नाही...

चाचा धंद्याने पिंजारी. वर्षभर कापूस पिंजायचे आणि सारंगखेड्याची घोड्यांची जत्रा आली की तंबूतल्या सिनेमात पडद्याशेजारी उभे राहायचे. तेव्हा चित्रपट मुके होते. पडद्यावरच्या पाट्या वाचून चाचा अहिराणीत असं सांगायचे, की जन्मात शाळा न पाहिलेला माणूसही ढसाढसा रडायचा. एके साली एका जुन्या लढ्याचा चित्रपट आला. शेतकरी, लोहार, कोळी परक्या सुभेदारावर उठतात आणि फासावर जातात. इंग्रज सरकारने तो पास करताना पाट्यांवर त्यांना लुटारू करून टाकलं होतं. ती पाटी आली आणि चाचा वाचायचे थांबले. मग म्हणाले, "दखा भाऊस्वन, ह्या लुटारू नहीत. ह्या आपलाच बाप-आजा शेतस."

तंबूत बंदोबस्ताला असलेला फौजदार कोकणातला, त्याला अहिराणी ओ की ठो कळत नसे. गर्दीत त्याला मी सापडलो, सरकारी पगाराचा मास्तर. हा काय बोलला ते मराठीत लिहून द्या, म्हणाला. ऐकू आलं नाही, एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण मी नोकरीला भ्यालो. सुवाच्य अक्षरात, काना-मात्रेची चूक न करता सगळं लिहिलं आणि खाली सही केली. चाचांना सहा महिन्यांची शिक्षा झाली. तुरुंगात कुणीतरी त्यांच्या घशावर काठी आडवी दाबली. सुटून आले तेव्हा त्या आवाजाची नुसती घरघर उरली होती. तंबूवाल्याने दुसरा माणूस ठेवला.

त्यांच्या दारात जायला मला कितीतरी वर्षं लागली. झेंडा बदलला, तेव्हा कुठे धीर झाला. चाचा अंथरुणाला खिळलेले. मी सगळं कबूल केलं. ते चिडतील असं वाटत होतं, खरं तर चिडावेत असंच वाटत होतं.

"बराबर लिखं व्हतं तुम्ही," ते घरघरले. "मी तेच बोलनू व्हतू." मग दम खाऊन म्हणाले, "मन्हा आवाज तं गया, मास्तर. आते एकडाव तुम्ही बोला."

स्वराज्य आलेलं, घरात आम्ही दोघंच. तरी मी आधी उठलो, दार लावलं, कडी घातली. मगच ते वाक्य बोललो. चाचा माझ्याकडे बघत नव्हते, त्या कडीकडे बघत होते.