ब्यूटिफुलची शेपटी

"अगं, ली! पुढे ली राहिला!"

सोसायटीच्या हॉलमध्ये, मागच्या खुर्चीवरून, मी असा ओरडलो. फळ्याशी बायको उभी होती. समोर सतरंजीवर आमच्याच बिल्डिंगची मुलं, त्यांच्यामागे त्यांच्या आया. बायकोच्या इंग्रजीच्या क्लासचा हा पहिला, फुकटचा दिवस. आयांना पटलं तर क्लास चालणार, नाही तर फळा माळ्यावर जाणार. माझ्याकडे कामं दोनच होती: गणपतीच्या खुर्च्या पुसून मांडायच्या आणि गप्प बसायचं. त्यातलं पहिलं मी उत्तम केलं.

आता थोडं माझ्या विद्वत्तेबद्दल. मी वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीत पत्रव्यवहार बघतो. आमच्या पत्रांत काइंडली आणि इमिजिएटली यांच्यामधून वाट काढत क्रियापदापर्यंत पोचावं लागतं. तेवढ्या भांडवलावर मी घरात इंग्रजीचा अधिकारी झालेलो. बायको कल्याणच्या मराठी शाळेतली. दुपारी सगळं आवरून ती अभ्यासाला बसायची आणि मी संध्याकाळी येऊन चुका काढायचो. कौतुक नंतर करू म्हणून राहून जायचं.

त्या दिवशी मात्र ती मस्त शिकवत होती. क्रियाविशेषण हा शब्दसुद्धा तिने उच्चारला नाही. "आई दुपारी झोपलीय आणि तुम्हाला फ्रिज उघडायचाय. कसा उघडाल?" एक मुलगी चवड्यांवर चालत गेली आणि तिने हवेतलं दार उघडलं. "क्वाएटली!" मुलं ओरडली. "आणि आईने पकडल्यावर आई कशी बोलते?" "अँग्रिली!" आया हसल्या. क्वाएट, अँग्री या शब्दांना 'ली'ची शेपटी लावली की काम कसं झालं ते कळतं, हे तिने खेळता खेळता सांगून टाकलं.

मग तिने फळ्यावर लिहिलं: शी सिंग्ज ब्यूटिफुल. आणि मुलांकडे बघत थांबली.

ती मुद्दाम चुकली होती, चूक मुलांनी पकडावी म्हणून. हे सतरंजीवरच्या सगळ्यांना कळलं. हात वर गेले. तेवढ्यात मी ओरडलो. हात एकेक करून खाली आले.

"अहो," ती फळ्याकडे तोंड करूनच म्हणाली, "शेपटी मुलांना शोधायची होती."

आया हसल्या, पण आताचं हसू वेगळं होतं. तिने ली लिहिला. तो जरा वाकडा आला.

तरी तिने तास निभावला. खरी लाज पुढेच आहे. मी खुर्च्या गोळा करत होतो, तेव्हा त्या फ्रिजवालीची आई माझ्याजवळ आली. "सर, तुमचं इंग्लिश पक्कं दिसतंय. तुम्हीच का नाही घेत क्लास?"

आणि मी हसलो. नाही म्हणायच्या आधी मी हसलो, खूश होऊन. बायको फळा पुसत होती. तिने ते हसू पाहिलं.

"छे, छे," मी घाईघाईने म्हणालो, "क्लास हिचाच. मला शिकवता येत नाही, मला फक्त चुका काढता येतात." ती बाई "अच्छा" म्हणाली आणि मुलीला घेऊन गेली. मुलगी येणार की नाही, ते काही बोलली नाही.

लिफ्ट बंद होती. बायकोने फळा मला धरू दिला नाही. जिन्यात मी "सॉरी" म्हणालो, मग त्याला "व्हेरी" जोडला आणि पुन्हा "रिअली" जोडला. ती चढत राहिली. दारापाशी फळा भिंतीला टेकवून तिने कुलूप काढलं आणि म्हणाली, "उद्याही या. पण खुर्चीवर नाही, सतरंजीवर बसायचं. आणि हात वर केलात तरी मी आधी मुलांना विचारणार."