वाऱ्यानं उलटलेलं पान

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. आमच्या मालकांनाही नाही — आणि ते तर आता नाहीत. वहीत लिहितानासुद्धा हात मागं येतो.

कोल्हारला आमच्या शेजारी कमला राहायची. फाळणीत सिंधमधून आईच्या कडेवर आलेली, पुढं छावणीत वाढलेली. घरोघर पापड विकायची. परत आली की कोणती बाई कशी घासाघीस करते ते करून दाखवायची; मी तोंडाला पदर लावून हसायचे. गाव तिला ‘निर्वासिताची पोर’ म्हणायचं. मला मात्र दुसरी मैत्रीण नव्हती.

दुष्काळाच्या साली बत्त्यांना रॉकेल मिळेना, म्हणून यात्रेतलं नाटक दुपारीच ठरलं. त्यात नगरहून यायची ती नटी आठ दिवस आधी नाही म्हणाली. नाटक बसवणारे मास्तर कमलाला म्हणाले, “हे निभावलंस तर तुला नगरला आमच्या मंडळीत घेतो.” पण तिला वाचता कुठं येत होतं? मी चौथी शिकलेली. आठ दिवस भाकरी थापता थापता मी तिला वाचून दाखवलं.

“वैनी, पुन्ना वाच की. तुझ्या तोंडून आईकलं की ध्यानात ऱ्हातंय.”

“पुस्तकाला पीठ लागलं बघ.”

“लागू दे. मास्तर चाटंल.”

माझा आवाज तिच्या कानात बसलेला, म्हणून मास्तरांनी मलाच विंगेत बसवलं. ती अडली तर पुढचं वाक्य हळूच सांगायचं — एवढंच काम.

तिसऱ्या अंकात घराबाहेर काढलेली सून गाठोडं घेऊन दारात उभी राहते. तिथं कमला अडली. तिनं माझ्याकडं बघितलं. आणि मी — मी गप्प बसले.

का? ती गेली तर मी एकटी पडेन, असं इथं आधी लिहिलं होतं. खोडलं. अर्धंच खरं होतं ते. सगळं नाटक मलाही पाठ झालं होतं, आणि चारचौघांत माझ्या तोंडून शब्द फुटत नव्हता. ती पडावी, असं मला वाटलं.

ती खाली बसली. गाठोडं मांडीवर घेतलं. म्हणाली, “चुलीवर दूध ठिवलंय. उतू जाईल. कुनीतरी उतरवा.”

सिंधमधलं घर सोडल्याचं सांगताना तिची आई नेहमी हेच सांगायची — दूध चुलीवरच राहिलं. मांडवात कुणी खोकलंसुद्धा नाही.

दुसऱ्या दिवशी मास्तर तिला नगरला घेऊन गेले. निघताना तिनं विचारलं, “वैनी, तू गप का झाल्तीस गं?”

“वाऱ्यानं पान उलटलं,” मी म्हणाले.

“बरं झालं उलटलं,” म्हणून ती हसली.

पुढं तिचं नाव झालं. अजूनही गावी आली की माझा हात धरून लोकांना सांगते — वैनीनं वाचून दाखवलं म्हणून मी उभी राहिले. मी खाली बघते. लोकांना वाटतं, लाजते.

त्या दुपारी वारा नव्हता. पुस्तकात एवढंच होतं — ‘येते मी. दार लावून घ्या.’ माझं बोट त्याच ओळीखाली होतं.